आबल्याचं हाड आणि शेवटचा आकडा

तमाम वाचकांस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, मनुष्यप्राण्याच्या कोपरापासून मनगटापर्यंत दोन हाडे असतात. ती मोडल्यास ‘उघडी’ मोडली की ‘बंद’ मोडली, हे सरकारला कळवावे लागते. आणि त्या सोमवारी सकाळी ते कळवण्याची जबाबदारी सबंध मालवण किनाऱ्यावर एकट्या माझ्या शिरावर होती. वाचकांनी हवं तर उभं राहून पुढचं वाचावं.

मी आमच्या छोट्या हॉस्पिटलात रेकॉर्ड क्लार्क होतो. जगातल्या एकूण एक दुखण्याला नंबर दिलेलं एक जाडजूड पुस्तक आमच्याकडे होतं. डॉक्टर निदान लिहिणार, मी पुस्तकात शोधून त्याचा नंबर, म्हणजे कोड, घालणार आणि महिनाअखेरीस सगळं वरच्या ऑफिसला जाणार. मोडलेल्या हाडाच्या कोडला शेवटी एक जादा आकडा लागे. हाड आतल्या आत मोडलं तर एक, कातडी फाडून बाहेर आलं तर दुसरा. गंमत अशी की, बाहेर डोकावलेलं हाड पुन्हा आत जाऊन शहाजोगपणे बसलं, वर टिकलीएवढीच जखम राहिली, तरी ते उघडंच. एकदा का बाहेरची माती आत गेली की धनुर्वात आहे, हात सडणं आहे. म्हणजे तो आकडा जितका माझ्या कामाचा, त्याहून जास्त पेशंटच्या जिवाचा.

तर त्या सोमवारी माझा शेवटचा आकडा अडला होता, कारण आबलो हात उघडायला तयार नव्हता.

आबलो तोंडवलीचा. दिवसा होडीवर जायचा आणि जत्रांच्या दिवसांत दशावतारात राजे करायचा. आवाज असा की माणसं म्हणत, हा मालवणात ओरडला तर पार लांब रेडी गावात कावळे उडतात. हाताला कोपरापासून मनगटापर्यंत हाडवैद्याची पट्टी. पाल्याचा लगदा, वर बांबूच्या कामट्या, वर सुंभ. बोटं पिकल्या केळ्यासारखी टरटरून फुगलेली. अंगात ताप.

आमचे डॉक्टर वऱ्हाडातले. माणूस हुशार, बोलणं मोजकं, हसणं त्याहून मोजकं. त्यांनी बोटं दाबली, वास घेतला आणि म्हणाले, “पट्टी सोडा.”

“सोडूची नाय,” आबलो म्हणाला.

“का?”

“वैद्यान देवाक नारळ ठेवन बांधल्यान हा. जत्रा होयसर सोडूची नाय.”

“मग इथे कशाला आलात?”

“तापाचा एक इंजेक्शन मारा, जातंय मी.”

“रक्त आलं होतं?”

“थेंब नाय.”

“हाड बाहेर आलं होतं?”

“नाय म्हणतंय मा!”

मी कोपऱ्यातल्या टेबलावरून विचारलं, “पडलास खंयसून?” पुस्तकात अपघाताच्या कारणालाही वेगळा नंबर असतो.

“रथातसून.”

डॉक्टरांचं पेन थांबलं. “कुठला रथ?”

“अर्जुनाचो.”

“बाकडा ता, डाक्टरांनू!” आबल्याची बायको शेवंती दारातून कडाडली. “तालमीत बाकड्यार उभो रवलो, शंख फुकूक गेलो आणि इलो भुंयार! अर्जुन म्हणे! घराकडे कोंबडो सुदीक ह्येचा ऐकणा नाय.”

मी पुस्तक चाळलं. जनावरांनी ओढायच्या गाड्या त्यात होत्या. पण आमच्या अर्जुनाच्या रथाला घोडे तर नव्हतेच, चाकंही नव्हती. मी मुकाट्याने ‘फर्निचरवरून पडणे’ लिहिलं.

इकडे डॉक्टरांचा आवाज चढला होता. “जखम असेल आणि ती अशीच बांधून ठेवलीत, तर हात जाईल. कदाचित तुम्हीही जाल. समजतंय?”

आबलो उठून उभाच राहिला. “जातंय मी.”

आणि तो खरंच निघाला. जबरदस्तीने कुणाचा हात सोडवता येत नाही. शेवंतीचं तोंड पडलं. तेव्हा मला आबल्याबरोबर आलेले दाजी दिसले. दाजी त्यांच्या दशावतारी कंपनीचे म्हातारे मालक, आणि गाऱ्हाणं घालण्यात पंचक्रोशीत पहिले. गाऱ्हाणं म्हणजे देवापुढे नारळ ठेवून आपली फिर्याद खड्या आवाजात मांडायची. मांडणारा एकेक वाक्य बोलतो आणि जमलेले सगळे प्रत्येक वाक्याला “व्हय म्हाराजा!” म्हणतात. ती देवाच्या दरबारातली सही. खोट्यावर ती कुणी करत नाही.

मी म्हटलं, “दाजीनू, देवाक नारळ ठेवन बांधली, तर देवाकच इचारून सोडूया. गाऱ्हाणा घाला. पण सविस्तर घाला हां. काय झाला, कसा झाला, सगळा.”

दाजींनी माझ्याकडे एक डोळा बारीक करून पाहिलं. नाटकवाला माणूस, त्याला जास्त सांगावं लागत नाही. आबल्यालाही नाही म्हणता येईना. देवाचं नाव आलं होतं.

“हे काय चाललंय?” डॉक्टरांनी मला विचारलं.

“साहेब, कन्सेंट घेतोय.”

“लवकर आटपा,” म्हणून ते सिरिंज पाहू लागले.

मालवणात नारळ शोधायला लांब जावं लागत नाही. व्हरांड्यात नारळ ठेवला. खाटांवरचे पेशंट जमेल तसे उठून दाराशी आले. गोव्याहून आलेली आमची सिस्टरही हात पुसत उभी राहिली.

“बा देवा म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!” सगळ्यांच्या वर आबल्याचा आवाज. ताप असूनही कौलं हलली.

“आज ह्यो तुझो आबलो, तुझ्या दारात नाचणारो, हात मोडून ह्या हास्पिटलात इलो हा...”

“व्हय म्हाराजा!”

“तुका नारळ ठेवन बांधलेली पट्टी डाक्टरांका सोडूची आसा...”

“व्हय म्हाराजा!” इथे आबलो जरा कुरकुरत म्हणाला, पण म्हणाला.

“हाड मोडला, ता आतल्या आत मोडला. भायर येवक नाय, रगताचो थेंब सांडूक नाय...”

“व्हय म्हाराजा!”

आवाज झाला, पण एकदम बसका वाटला. रेडीपर्यंत जाणारा आवाज त्यात नव्हता. डॉक्टरांनी सिरिंजवरून मान वर केली. “हा गप्प का झाला?”

दाजी नारळावरून नजर न काढता म्हणाले, “आबल्या, आवाज खंय गेलो रे तुझो?”

आबल्याने मान खाली घातली. मग अगदी बारीक आवाजात म्हणाला, “भायर इला होता, म्हाराजा. परत आत गेला.”

“मेल्या!” शेवंतीने कपाळावर हात मारला. “माका सुदीक बोललस नाय?”

“हाड भायर इला काय डाक्टर हात कापतत, असा सगळे सांगतत. हात गेलो तर तलवार कित्यान धरू?”

डॉक्टर नारळाला वळसा घालून त्याच्याजवळ आले. “न कापण्यासाठीच तर सोडायला सांगतोय,” ते म्हणाले, आणि त्यांनी स्वतः सुंभ कापला.

लगद्याखाली बारीकशी जखम होती. वर मिटलेली, आत पू धरलेली. डॉक्टरांनी ती धुतली, साफ केली, धनुर्वाताचं आणि पेनिसिलिनचं इंजेक्शन दिलं आणि प्लॅस्टर घातलं. जखमेवर औषध लावता यावं म्हणून प्लॅस्टरला एक खिडकी ठेवली. आबलो येणाऱ्या-जाणाऱ्याला ती खिडकी दाखवत वॉर्डात राजासारखा पडून राहिला. त्या वर्षी जत्रेत अर्जुन दुसऱ्याने केला. वॉर्डातून आबल्याने त्याला यथेच्छ नावं ठेवली.

मी शेवटचा आकडा घातला: उघडं. महिन्याचा रिटर्न वरच्या ऑफिसला गेला आणि वरून एकही प्रश्न आला नाही. माझा धडा एवढाच की, आमच्या भागात पेशंट काय बोलतो ते लिहून घ्यावं, पण तो कुठे बोलायचा थांबतो, तिकडे कान ठेवावा.

प्लॅस्टर कापलं, त्या दिवशी मात्र सगळे खोलीत गोळा झाले. हात वाळून काठीसारखा झालेला. जखमेच्या जागी गुलाबी वण. शेवंती दाराच्या चौकटीला धरून उभी.

“बोटं हलवा,” डॉक्टर म्हणाले.

करंगळी हलली. मग बाकीची. आबल्याने टेबलावरची फूटपट्टी उचलली, तलवारीसारखी मुठीत घट्ट धरली आणि सावकाश डोक्यावर नेली.

आम्ही कुणी तोंड उघडण्याआधीच आमचे वऱ्हाडी, मोजकं बोलणारे डॉक्टर टेबलावर थाप मारून ओरडले, “व्हय म्हाराजा!”