हळू, खालच्या आवाजात

हिंगण्याच्या एका कारखान्यात पत्रा ठोकायच्या प्रेसवर एकतीस वर्षं काढून रुपराव रिटायर झाले. घरी शाल आली, भिंतीवरचं घड्याळ आलं, कान मात्र तिकडेच राहिले. जाड आवाज ऐकू येत. बारीक आवाज गेले ते गेलेच. आणि बायकोचा, इंदुताईंचा, आवाज नेमका बारीक.

त्या ओरडत. ओरडलं की आवाज आणखी वर चढे आणि रुपरावांना आणखीच कमी कळे. कानाचं मशीन आणलं, तर ते शिट्ट्या मारी. ते कपाटात पडलं. शेवटी बाई थकल्या. वर्षभरात नवराबायकोचं बोलणं जेवण आणि गोळ्या एवढ्यावर आलं, तेही हातवाऱ्यांनी. रुपरावांना आतून फार एकटं वाटे. पण सांगून करायचं काय? उत्तर कुठे ऐकू येणार होतं!

परवा दुपारी नात रोशनी मोबाइलवर गाणं लावून बसली होती. जुनं प्रेमाचं गाणं. नवं लग्न झालं तेव्हा इंदुताईंना सायकलवर मागे बसवून रुपराव गुणगुणायचे तेच. अलीकडे त्यांना त्यातला नुसता तबला ऐकू येई. या वेळी गायिकेचा शब्द न् शब्द कळला. ते ताडकन उठून बसले.

"रोशनी, हे बाई विहिरीत बसून काहून गाऊन राहिली वं?"

रोशनीला हसू फुटलं. गंमत म्हणून तिनेही आवाज जाड केला, शब्द ओढले. "आबाजी, गाण्याची गती हळू केली आहे, त्यानं आवाज जाड होते, अन् वरून घुमवलं आहे. आम्ही असंच आयकतो. एकेका शब्दापाशी थांबता येते."

तेही रुपरावांना कळलं. सगळंच्या सगळं. त्यांचे डोळे भरून आले.

"इंदू!" त्यांनी हाक मारली.

कणकेच्या हातांनी इंदुताई धावत आल्या. "काय झालं जी?" सवयीने ओरडल्याच.

"ओरडू नको वं. या बाईसारखी बोल. हळू, खालच्या आवाजात."

इंदुताईंना आधी रागच आला. साठी उलटल्यावर आता बोलायला शिकायचं का! पण गाणं संपेपर्यंत त्या तिथेच उभ्या राहिल्या. मग नवऱ्याजवळ बसल्या आणि एकेक शब्द खाली ठेवत म्हणाल्या,

"तुमचा... चहा... थंडा... होऊन राहिला."

रुपरावांनी चहाकडे पाहिलंसुद्धा नाही.

"आणखी बोल," ते म्हणाले.

वर्षभराचं साचलं होतं. इंदुताईंनी पदर खोचला आणि हळूहळू सुरुवात केली.