विधवेच्या खोलीतला डाग

थर्झा ऑकलीने तीस वर्षं सिनेमांसाठी भिंती म्हाताऱ्या केल्या. लंडनबाहेरच्या स्टुडिओत सुतार कोरी करकरीत खोली उभी करत, आणि चहाचं पाणी, काजळी नि स्पंज घेऊन थर्झा दोन दिवसांत तिच्यावर शंभर वर्षं चढवी.

एकदा एका जुन्या कादंबरीवर सिनेमा निघाला. ती तिने आपल्या आंधळ्या आईला तीनदा वाचून दाखवली होती. त्यातल्या विधवेची खोली पिवळी, उन्हाने भरलेली. पण दिग्दर्शक लॉर्कन म्हणाला, "मला शेवाळी हवीय. तळ्याच्या तळासारखी."

"अहो, पुस्तकात पिवळी आहे!"

"बाई आतून किती कुढते ते लेखक पानंच्या पानं सांगतो, थर्झाबाई. माझ्याकडे सांगायला भिंतच आहे."

पटलं नाही, तरी तिने रंगवली.

तिसऱ्या दिवशी सकाळी पलंगालगत, बसल्या माणसाच्या डोक्याइतक्या उंचीवर, वीतभर ओलीचा डाग दिसला. तिने काढलेला नव्हता. भिंतीमागे नुसतं प्लायवूड. जवळपास नळही नाही. तिने हात लावला. भिंत कोरडी ठणठणीत, पण गार.

"हे तुझं काम का रे, सिलास?"

सुतार हसला. "मला रंगातलं काय कळतंय, म्हातारे? तूच काढलास नि विसरलीस."

तिने डाग पुसून वर रंग दिला. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा तिथेच.

दुपारी विधवेचं काम करणारी नटी आली. तिला कुणी काही सांगितलं नव्हतं. पलंगावर बसली, संवाद विसरली नि डोकं टेकलं ते नेमकं डागावर. कितीतरी वेळ हललीच नाही. लॉर्कनने कॅमेरा चालूच ठेवला.

"इथे कुणीतरी खूप रडलंय," उठताना ती पुटपुटली. तिचे एका बाजूचे केस ओले होते.

सेट मोडला तेव्हा सिलास डागाची फळी घेऊन आला. आता तो हसत नव्हता. "काय करू हिचं?"

"जाळ."

फळी पेटेचना. संध्याकाळपर्यंत धुमसत राहिली.

सिनेमा लागला. बाहेर पडणारे म्हणत होते, "अगदी पुस्तकातली खोली!" थर्झाने घरी येऊन पुस्तक उघडलं. 'पिवळी' हा शब्द जागच्या जागी होता. पण वाचता वाचता डोळ्यांपुढे शेवाळच चढत गेलं. तिने पुन्हा वाचलं, मोठ्याने वाचलं. ऊन काही आलं नाही.

त्यानंतर तिने खोल्या रंगवायला घेतल्या नाहीत. निवृत्त होईपर्यंत कुंपणं आणि बोटी रंगवल्या.