वाघ सोडून ढग पाहायला नागझिऱ्याला

कार्तिकातल्या त्या पहाटे काकडआरती आटोपली आणि मी देवळाबाहेर दुर्बीण डोळ्यांना लावली. मृग नक्षत्रातला तेजोमेघ पाहायचा होता. आतल्या आत नवे तारे जन्माला घालणारा ढग. दिसला तो फक्त पांढरा उजेड. देवळासमोरचा मोठा फोकस मीच हौसेनं वाहिलेला. खांबावर माझं नावही होतं.

आई पायरीवर बसली होती. मोतीबिंदू काढल्यावर तिला आधी नांगर पाहायचा होता. मृगातल्या ताऱ्यांना आमच्याकडे नांगर म्हणतात. तो पाहून ती जन्मभर पहाटे उठली.

"डोळे नवे करून देल्ले, अन् आभाळच झाकून ठेवलं," ती म्हणाली. वर्षभर हेच म्हणत होती. पण देवाला वाहिलेलं परत कसं घ्यायचं?

त्याच दुपारी पत्नीला, सुनीताला, मोटारसायकलवर बसवलं. आमच्या दवनीवाड्याहून गोंदियामार्गे गोरेगाव. तिथे बाजार होता. गरम आलुबोंडे खाल्ले, पेट्रोल भरलं. तुम्हीही तिथेच भरा. पुढे दोन्ही बाजूंना कापणीला आलेला धान. अभयारण्यात अंधारात फिरू देत नाहीत, म्हणून गेटाबाहेरच्या गावात एका गाईडच्या घरी मुक्काम केला. स्वेटर हवाच.

"वाघ पाह्यले आले न सायेब?" गाईडनं विचारलं.

"नाही, ढग."

त्यानं निरभ्र आकाशाकडे पाहिलं. "वहिनी, सायेबाची तब्येत बरी हाये ना?"

"लगन झालं तवापासून मी बी हेच विचारून राहिली," सुनीता म्हणाली.

पहाटे चारला अंगणात आलो. नांगर पश्चिमेकडे कलला होता. ओळीतल्या तीन ताऱ्यांखाली लहान ताऱ्यांची एक लोंबती ओळ असते. तिच्या मध्यावर दुर्बीण धरा, कोपर भिंतीला टेकवा. फोटोतला गुलाबी रंग शोधू नका. मला दिसला तांदळाच्या पेजेचा सांडलेला थेंब. मी हसतच सुटलो. पन्नाशीला आलेला माणूस, अंगणात गरगर फिरलो. सुनीतानं दुर्बीण ओढली, तिच्याकडून गाईडनं, आणि तो ती परत देईना.

"याच्यात तारे होऊन राहिले? आत्ता?"

"आत्ता."

मी हात जोडले. देव तिथे अंधारातच काम करत होता. माझ्या फोकसची त्याला गरज नव्हती.

सकाळची सफारी केली नाही, थेट घरी आलो. फोकस उतरवू का, असं देवळातल्या जाणत्यांना विचारलं. एक काका म्हणाले, "काऊन रे, खांबावरचं नाव बी जाईन न तुयं."

"जाऊ द्या काका."

पायरीपुरता एक लहान बल्ब लावला. मग शिडी आणली. ती धरायला आई स्वतः आली, आणि मी फोकस उतरवला.