धडधडीला बोलावणं

सर्व संबंधितांस गांभीर्यपूर्वक कळवण्यात येते की, माझं हृदय घरी वेड्यासारखं धावत सुटतं आणि डॉक्टरांसमोर मात्र शहाण्यासारखं वागतं. म्हणून त्याला रंगेहाथ पकडायचं ठरलं. जांघेतल्या शिरेतून बारीक तारा थेट हृदयापर्यंत गेल्या. मी टक्क जागा. समोरच्या पडद्यावर माझी हिरवी रेघ निवांत चालली होती.

"आता आम्हीच धडधड सुरू करून बघतो," डॉक्टर म्हणाले.

एरवी भीती येऊन गेली की मी तिचे किस्से रंगवून सांगतो. पण धडधडीला स्वतःहून बोलावणं कधी धाडलं नव्हतं. आलीच, आणि गेली नाही तर? बायकोने तर, धडधड आज येऊ नये म्हणून सकाळीच देव पाण्यात ठेवले होते. ती आली नाही तर तपासणीच फुकट, हे बायकोला सांगायचं राहिलं होतं.

तेवढ्यात रेघ उसळली. छातीत कुणीतरी मिक्सर लावला.

"हीच का ती?" डॉक्टरांनी आनंदाने विचारलं.

"हीच, हीच!" मी ओरडलो. "आता घालवा हो लवकर, घरी देव पाण्यात आहेत!"