घर आक्पेनेचं, एकटी यायरा

केटाच्या खाडीकाठी आमच्या वस्तीत आक्पेने मासे धुरावर वाळवून विकायची. नवरा आबिजानला कामाला म्हणून गेला, तो गेलाच. पोरबाळ नाही. शेजारी यायरा. तिला चार पोरं, नवरा, सासू, आणि तोंडाची टकळी दिवसभर चालू.

आक्राहून शिकून आलेला आमचाच सेलोर्म एक छोटी फिल्म काढायला निघाला. जवळ एक उसना कॅमेरा आणि ऊन परतवून उजेड पाडायला आईची पांढरी चादर. गोष्ट काय, तर एक एकटी बाई खाडीकडे बघत जगण्याचा अर्थ शोधते.

"मावशी, तुमची झोपडी हवी," तो आक्पेनेला म्हणाला. "चूल, मडकी, सगळं आहे तसंच."

आक्पेनेने केसांवरून हात फिरवला. "आणि मी काय नेसू?"

सेलोर्म चाचरला. "काम यायरा करणार आहे, मावशी. तिचा चेहरा कॅमेऱ्यात उठून दिसतो."

"घर माझं, चूल माझी, आणि एकटी ती? अरे, तिला परसाकडे जायलासुद्धा एकटीला मिळत नाही!"

तरी नाही म्हणाली नाही. पण शूटिंगच्या दिवशी तिने मासे धुरवायच्या भट्टीत नारळाची ओली सोडणं कोंबली. धुरात यायरा दिसेनाशी झाली. आक्पेने मनातून खूश. तेवढ्यात सेलोर्म ओरडला, "वा मावशी! काय दिसतंय! धूर असाच राहू द्या!" मग काय, दुपारभर हीच डोळे चोळत भट्टी फुंकत बसली.

फिल्म चर्चच्या भिंतीवर दाखवली. धुरात गुडघ्यांना मिठी मारून बसलेली यायरा एक शब्द बोलत नव्हती. बाया डोळे पुसत होत्या. आक्पेने मात्र आतल्या आत जळत होती.

"एवढं कुठे शिकलीस गं?" कुणीतरी यायराला विचारलं.

"शिकायचंय काय त्यात? ही आक्पेने रोज संध्याकाळी अशीच बसते. मी कुंपणावरून बघते ना."

"बघत होतीस?" आक्पेनेचा आवाज चढला. "इतकी वर्षं बघत होतीस, आणि एकदा कुंपण ओलांडून आली नाहीस?"



दुसऱ्या दिवशी यायरा मक्याच्या पिठाचा आक्प्ले आणि भेंडीचं कालवण घेऊन आली.

"यात मीठ आहे, की हेही कॅमेऱ्यापुरतंच?" आक्पेनेने दारातच विचारलं. मग स्टूल पुढे सरकवलं. आता बऱ्याच संध्याकाळी दोघी बसलेल्या दिसतात. बोलते अर्थात यायराच.

जळणं मात्र गेलेलं नाही. परगावचं कुणी 'ती फिल्ममधली बाई कुठे राहते' असं विचारत आलं, की आक्पेने त्याला खुशाल खाडीच्या पार दुसऱ्या टोकाला पिटाळते.