फिलोताईचा क्लोजअप

सेटवर आमच्यासारख्या मावशी-आत्यांना सकाळी सातला बोलावतात आणि आमचं वाक्य येतं संध्याकाळी पाचला. मधले दहा तास मेकअप रूममध्ये बसून करायचं काय? डबा खाऊन होतो, मोबाइलची बॅटरी उतरते, मग किस्सेच उरतात. माझ्याकडचे निम्मे किस्से फिलोताईचे. सांगायला लागले की आधी हसू येतं आणि मग माझं डोकं फिरतं.

फिलोताई म्हणजे फिलोमिना, वसईतल्या सांडोरची. मी आचोळ्याची. नायगावच्या सेटवर बारा वर्षं एकत्र काम करतोय. गावच्या नाटकांत ती कायम हिरॉइन, पण सिरियलवाल्यांनी तिला नर्स, नन नाहीतर स्वयंपाकीण केलं. तिचं मागणं एकच होतं, एकदा तरी अख्खा सीन आपल्या तोंडावर राहू दे. आणि बारा वर्षं कॅमेऱ्याला दिसला तो तिचा उजवा खांदा!

*

एका हिंदी सिरियलमध्ये तिला ख्रिश्चन घरमालकीण केलं. ताई आपली नेहमीची सुती साडी नेसून आली, वाक्यं चोख म्हटली. डायरेक्टर म्हणतो, "आंटी, आप ख्रिश्चन नहीं लग रही हो." लगेच फ्रॉक आणवला, हिंदी मोडूनतोडून बोलायला लावली. अरे, ही बाई घरात मराठी बोलते, चर्चमधली मिस्साही मराठीतच ऐकते!

ताईने शांतपणे विचारलं, "सर, तुम्ही ख्रिश्चन कुठे बघितले?"

"पिक्चरमें."

घ्या.

*

मग ती एका हिरोची आई झाली. हिरो तिच्याहून चार वर्षांनी मोठा. त्याच्या केसांना काळा रंग आणि हिच्या केसांना पांढरी पावडर, एकाच आरशासमोर. वर तो पाया पडताना कंबर धरून "आई गं" म्हणाला, तर ताईनेच हात देऊन उठवला. तो शॉट कापला. हिरो म्हातारा दिसत होता म्हणे!

*

हा तर कहर. एका सिरियलमध्ये ती घरची स्वयंपाकीण होती. एका सकाळी सेटवर आली, तर भिंतीवर तिचाच फोटो आणि त्याला चंदनाचा हार. बाई मेली होती, पण कळवायची पद्धत नाही. मग आज बोलावलं कशाला? तर त्याच घरात नर्स म्हणून. तोंडाला मास्क लावला, म्हणाले कोण ओळखतंय! स्वतःच्या फोटोखाली उभी राहून ताईने सासऱ्याला इंजेक्शन दिलं. मी भांडायला निघाले होते, तिनेच मला खाली बसवलं.

*

आणि मग गेल्या वर्षी तिला तो सीन मिळाला. हिरॉइनची खरी आई. जन्मतःच मुलीला दुसऱ्याकडे का दिलं, ते सांगायचं. चार पानं! पंधरा दिवस ताई केळीच्या बागेत पाठ करत फिरत होती.

आधी हिरॉइनचा, म्हणजे मॅडमचा क्लोजअप लागला. अशा वेळी समोरच्याने कॅमेऱ्याच्या बाजूला उभं राहून आपली वाक्यं द्यायची असतात. ताईने सात टेक दिले, साती वेळा खरं रडून. तिला बघून मॅडमलाही छान रडू आलं. मग कॅमेरा फिरला, आता ताईचा क्लोजअप, आणि मॅडम "मी दमले" म्हणून व्हॅनमध्ये निघून गेल्या. त्यांच्या जागी लाइटचा एक रिकामा स्टँड उभा केला. ताईने बघावं कुठे, म्हणून त्याला लाल पट्टी चिकटवली. मॅडमची वाक्यं असिस्टंट पोरगी कागदावरून वाचत होती, किराणा मालाची यादी वाचावी तशी.

ताईने त्या लोखंडी दांड्यावरून गालावर फिरवावा तसा हात फिरवला आणि चार पानं एका टेकमध्ये केली. लाइटवाले डोळे पुसत होते. माझा संताप संताप झाला.

जेवणानंतर कळलं, मॅडमच्या कानातले चुकले होते. आदल्या एपिसोडमध्ये झुमके, आज खडे. म्हणजे त्यांचा क्लोजअप पुन्हा. मॅडम येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, आंटींना बोलवा, त्यांच्यासमोरच मला रडू येतं.

ताईने मेकअप पुसला होता, खांद्याला पर्स होती. तशीच फ्लोअरवर आली. कोपऱ्यातला तो स्टँड स्वतः ओढत आणला, आपल्या जागी नीट उभा केला, सीनमधली शाल त्याच्यावर घातली. मग मॅडमकडे वळून अगदी मायेने म्हणाली,

"बाळ, याच्याशी बोल. सकाळी तुझं काम यानेच केलं, आणि मधेच उठून गेला नाही."