धुळ्याच्या क्षणघरात बासुंदीचा निकाल

माझं लग्न ठरलं आणि अक्कांचा निरोप आला, "नाना कबूल होत नाही तोवर मी मांडवात पाय ठेवणार नाही." अक्का म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण, आणि वडिलांना आम्ही नानाच म्हणायचो. दोघांची घरं रावेरजवळच्या एकाच गावात, एकाच गल्लीत. तरी पाच वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. अक्कांच्या मुलाच्या लग्नात बासुंदीच्या अख्ख्या पातेल्यात मीठ पडलं होतं. अक्का म्हणत नानांनी टाकलं, नाना म्हणत अक्कांनी.

टाकलं होतं मी. चौदा वर्षांची होते. साखर कमी वाटली म्हणून ओंजळभर घातली, तो डबा मिठाचा निघाला. एवढा गोंधळ उडाला की मी गप्प बसले, आणि पुढे गप्प बसण्याची सवयच लागली.

ही गोष्ट पन्नास सालानंतरची, तेव्हा धुळ्याला क्षणघर होतं. ज्यांनी ते पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. तिथला माणूस पेटीएवढं यंत्र घेऊन लग्नाला यायचा. सांगाल तो क्षण धरायचा, बरणीत बंद करायचा आणि धुळ्याला नेऊन ठेवायचा. क्षण म्हणजे साधारण विडा रंगेल एवढा वेळ. बरणी उघडली की तो खोलीभर पुन्हा घडायचा, वासासकट. पण एकदाच. सगळे लोक माळ घालतानाचा क्षण धरायला लावत. अक्कांनी त्या माणसाला चुलीपाशी नेलं होतं. "माळ काय, सारेच घालतात. माहं रांधणं धरा."

आता तीच बरणी उघडून निकाल लावायचा, असं अक्कांनी ठरवलं. नाना तयार झाले. मला बरोबर घेतलं, कारण दोघांचे निरोप इकडून तिकडे न्यायला कोणीतरी हवं होतं.

पहाटेच्या गाडीने रावेरहून निघालो. भुसावळ, जळगाव, पाचोरा करत चाळीसगाव, आणि तिथून धुळ्याची गाडी. कोणी याच वाटेने जाणार असाल तर सकाळी उजवीकडची खिडकी धरू नका, धूर आत येतो. आम्ही नेमके तिथेच बसलो.

"तुह्या बापाले सांग, खिडकी लाव म्हना," अक्का म्हणाल्या. नाना दोन हातांच्या अंतरावर बसले होते.

"अक्काले सांग, खिडकी तुटेल हाये," नाना म्हणाले.

मी दोन्ही सांगितलं. पाचोऱ्यापर्यंत असंच चाललं. भुसावळच्या चहाबद्दल दोघांचं एकमत होतं, तेसुद्धा माझ्यामार्फतच झालं.

चाळीसगावला पुढच्या गाडीला अवकाश होता. फलाटावर पंचा पसरून आम्ही भरीत आणि ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी सोडली. बाहेर पुरीभाजी मिळत होती, पण थंडीच्या दिवसांत घरचं भरीत असताना पुरीकडे कोण बघणार. मी मात्र भाकरीचे नुसते तुकडेच करत बसले होते. शेवटी मी म्हणाले, "मीठ मी टाकलं होतं."

अक्कांनी माझ्याकडे कौतुकाने पाहिलं. "बापाले वाचवू ऱ्हायली व्हय? पोरगी गुणाची हाये. पन तू मधी पडू नको."

नाना म्हणाले, "आत्याले घाबरली ते. जेव गुमान."

मी आणखी दोनदा सांगितलं. पाच वर्षं जीव खात असलेली गोष्ट कबूल करावी आणि कोणी विश्वासच ठेवू नये, याने मला रडू यायला लागलं. दोघांनी मला आणखी भरीत वाढलं.

धुळ्याला उतरलो. टांगेवाल्याला क्षणघर विचारलं तर तो म्हणाला, "बसा. बठ्ठा लोके तठेच जातस. येताना रडत येतस, नहीतर हासत. भाडं तेच शे."

क्षणघर म्हणजे लांबलचक कौलारू इमारत, आत फळ्यांवर बरण्याच बरण्या. प्रत्येकीवर चिठ्ठी: बारसं, मॅट्रिकचा निकाल, पहिलं मोटेचं पाणी. कारकून चष्मा लावलेले, हळू बोलणारे. त्यांनी बरणी आणली. "एकदा उघडली की परत भरता येत नाही, बाई. पुन्हा विचार करा."

"पाच वर्स तेच केलं," अक्का म्हणाल्या.

झाकण निघालं. आधी धूर आला, मग वेलदोड्याचा वास, मग चुलीपाशी बसलेल्या अक्का, पाठमोऱ्या, भजी तळत. नाना दारात कोणाशी तरी पंगतीवरून हुज्जत घालत होते. आणि दोन वेण्यांची मी आले, डबा उघडला, ओंजळ पातेल्यात रिकामी केली, नीट ढवळली.

तेवढ्यात कोपऱ्यात आबा दिसले. आबा म्हणजे अक्कांचे यजमान. त्या लग्नानंतर दीड वर्षाने ते गेले. त्यांनी वाटी पुढे केली, मी वाढलं. एक घोट घेऊन ते थांबले. अक्कांच्या पाठीकडे पाहिलं. मग वाटी संपवली आणि म्हणाले, "आजून वाढ."

दुसरीही संपवली. मग धूर विरला आणि बरणी रिकामी झाली.

अक्का बराच वेळ त्या कोपऱ्याकडे पाहत राहिल्या. "लयच खारट व्हती ना ते?"

"निस्तं मीठच व्हतं," नाना म्हणाले.

"मंग दुसरी वाटी काहून मागितली त्याहीनं?"

"तू रांधली व्हती ना."

दोघं थेट बोलत आहेत हे माझ्या आधी कारकुनांच्या लक्षात आलं. त्यांनी मला खुणेने गप्प राहायला सांगितलं.

धर्मशाळेत रात्र काढून सकाळच्या गाडीला बसलो. पाच वर्षांचं साचलेलं बोलणं दोघांनी रावेरपर्यंत माझ्यावर काढलं. पोरगी कोणावर गेली, यावरून तर पाचोरा ते भुसावळ वाद झाला. मी खिडकीपाशी बसून केळी खाल्ली. इतका सुखाचा प्रवास मी पुढे कधी केला नाही.

माझ्या लग्नाला अक्का चार दिवस आधी आल्या. क्षणघरचा माणूसही आला. नाना आणि अक्का, दोघांनी मिळून त्याला पोटभर जेवू घातलं, पण यंत्र बाहेर ओट्यावरच ठेवायला लावलं. त्यामुळे त्या दिवसाचं माझ्याकडे काहीच साठवलेलं नाही. पुढे क्षणघरही बंद पडलं. मी म्हणते मी निळं लुगडं नेसले होते, आमचे हे म्हणतात हिरवं. इतकी वर्षं आम्ही भांडतोय, आणि तपासायला जायची सोय नाही. मला वाटतं, ते बरंच आहे.